कार्टूनचा आवाज आणि रेडिओचा माइक : इंदुरातून सुरुवात कशी करावी

"माझा आवाज चांगला आहे असं सगळे म्हणतात, मला कार्टूनमध्ये किंवा रेडिओवर काम मिळेल का?" इंदूरची मराठी मुलंमुली हे नेहमी विचारतात. खरं सांगायचं तर नुसत्या चांगल्या आवाजावर या क्षेत्रात फारसं काही मिळत नाही. कान तयार लागतो, अभिनय लागतो, आणि समोरचा कागद वाचतोय हे ऐकणाऱ्याला कळू नये इतकी वाचनावर पकड लागते. भारदस्त खर्ज असलेले कितीतरी जण जाहिरातीच्या दोन ओळींपुढे जात नाहीत. उलट चारचौघांसारखा आवाज असलेली एखादी मुलगी एकाच मालिकेत आई, शेजारीण आणि मांजर अशी तिन्ही पात्रं सांभाळते. मोटू आणि पतलू या दोघांनाही सौरव चक्रवर्ती या एकाच कलाकाराने आवाज दिला आहे. हिंदीतला निंजा हातोरी आणि नॉडी हे आपल्या मराठी मेघना एरंडे यांचे आवाज. ऐकताना यातलं काही लक्षातही येत नाही, आणि कौशल्य आहे ते इथेच.

दुसरा गैरसमज म्हणजे यासाठी बारावीनंतर लगेच मुंबई गाठायला हवी. मुंबईला जावं लागतं, पण नंतर. पहिली दोन-तीन वर्षं इंदुरात घालवलीत तर काही बिघडत नाही. इथे रेडिओ आहे, मराठी नाटक आहे, घराचं भाडं भरायचं नाही, आणि कानावर दिवसभर मराठी, हिंदी आणि माळवी अशा तीन बोली पडत असतात.

आधी कान

इंदूरच्या मराठी माणसाच्या हिंदीवर दोन बाजूंनी ओढ असते. घरची मराठी "मैं", "पैसा", "और" यांना "मइं", "पइसा", "अउर"कडे ओढते, कारण मराठीत ऐ आणि औ आपण फोडून बोलतो. रस्त्यावरची माळवी वळणाची हिंदी त्याच शब्दांना दुसरीकडे नेते : "में", "पेसा", "ओर". डबिंगला लागणारी प्रमाण हिंदी या दोन्हींच्या मधे कुठेतरी आहे. अनेक मुलं एका वाक्यात आजीकडचा उच्चार करतात आणि पुढच्या वाक्यात छप्पन दुकान या इंदूरच्या खाऊगल्लीतला. ऐकणाऱ्याला चूक नेमकी सांगता येत नाही, पण आवाज कच्चा वाटतो.

यावर उपाय कंटाळवाणा आहे, पण तो लागू पडतो. कैसा, मैदान, पैदल, कौन, चौराहा, औरत असे शब्द घेऊन रोज वाक्यं बनवा, मोबाइलवर रेकॉर्ड करा आणि आकाशवाणीच्या हिंदी बातम्यांतल्या उच्चारांशी ताडून पाहा. मग च आणि ज वर या. मराठी चमच्यातला च आणि हिंदी चम्मचमधला च वेगळा. जीभ दातांना लागली की मराठी च येतो, किंचित मागे टाळूला लागली की हिंदी. ज़ आणि फ़ची नुक्तेवाली, म्हणजे खाली टिंब असलेली, अक्षरंही अशीच घोटून घ्यावी लागतात. "ज़रा" म्हणताना मराठी माणसाला ती सोयीची जातात, कारण जरासा जवळचा ध्वनी आपल्याकडे आहे. पण तोच माणूस त्याच सवयीने "जहाज"मधला पहिला ज सुद्धा तसाच म्हणतो, आणि तिथे तो चुकतो.

मराठीतही काम करायचं असेल तर उलटी तपासणी करा. इंदुरी मराठी गोड आहे, मला ती मनापासून आवडते, पण "तो सांगून राहिला होता" असं वाक्य पुण्या-मुंबईच्या डबिंगमध्ये फक्त त्या गावच्या पात्रालाच शोभतं. वाक्यातला हिंदीचा सांगाडा आपल्याला जाणवत नाही, बाहेरच्याला लगेच जाणवतो. मराठी नाटकं, कीर्तनं आणि चांगली व्याख्यानं कान देऊन ऐका. आणि आपली बोली मोडून टाकू नका, ती बाजूला जपून ठेवा. एखाद्या कार्टूनमधला रिक्षावाला किंवा मिठाईवाला इंदुरी हवा असला की मुंबईच्या कलाकारापेक्षा तुमचं पारडं जड असतं.

माळवीची ताकद आकाशवाणी इंदूरने कधीच ओळखली होती. शेतकऱ्यांच्या कार्यक्रमातले नंदाजी आणि भेराजी ही दोन पात्रं माळव्यातल्या खेड्याखेड्यांत घरच्या माणसांसारखी ओळखीची होती. श्रोत्यांनी त्यांचे चेहरे पाहिले नव्हते, तरी दोघांचे स्वभाव त्यांना पाठ होते. आवाजातून पात्र कसं उभं राहतं याचा याहून जवळचा नमुना इंदूरकराला शोधायला नको.

मग रंगमंच

डबिंग शिकवणाऱ्या कार्यशाळा भरपूर निघाल्या आहेत. त्यांत पैसे घालण्याआधी नाटकात काम करा. इंदुरात रंगकर्मी बाबा डिकेंच्या काळापासून मराठी-हिंदी हौशी रंगभूमीची परंपरा आहे, आणि सानंद न्यास या संस्थेमुळे मुंबई-पुण्याची नाटकं विद्यापीठाच्या सभागृहात वर्षभर पाहायला मिळतात. नाटक पाहताना एकदा डोळे मिटून एक प्रवेश नुसता ऐका. कुठल्या नटाचं पात्र डोळे मिटल्यावरही जिवंत राहतं आणि कुणाचं विझतं, हे लगेच कळेल.

घरी करायचा सराव असा : एकच वाक्य घ्या, "दार कोणी उघडं ठेवलं?" ते आठ वर्षांच्या मुलाचं, सत्तरीच्या आजोबांचं, चोराचं आणि दारातून पळून गेलेल्या कुत्र्याच्या मालकाचं म्हणून बोला. आवाज बदलायचा नाही असा नियम ठेवा. फक्त श्वास, वेग आणि हेतू बदला. आजोबा वाक्याच्या मधे श्वास घेतात, मूल सगळं एका दमात बोलून शेवटी धापा टाकतं, चोर "दार"वर दबकतो. हे जमलं की मगच आवाज वर-खाली करायला घ्या. नवखे लोक उलट्या बाजूने सुरुवात करतात, चिरका आवाज काढतात आणि त्यालाच कार्टून समजतात. त्या आवाजाने दहा मिनिटांत घसा बसतो. मालिकेत मात्र तोच आवाज तासन्‌तास टिकवायचा असतो आणि तीन आठवड्यांनी पुन्हा जसाच्या तसा काढायचा असतो.

म्हणून प्रत्येक पात्राचा आवाज सापडला की त्याची छोटी क्लिप फोनमध्ये नाव घालून ठेवा, आणि तो आवाज कुठून निघतो तेही लिहून ठेवा : नाकातून, टाळूतून, छातीतून, गाल फुगवून, की खालचा जबडा पुढे काढून. स्टुडिओत जाण्याआधी ती क्लिप ऐकायची.

लहान मुलग्यांचे आवाज बहुतेक वेळा बायकांचे असतात. खऱ्या मुलाचा आवाज बारा-चौदाव्या वर्षी फुटतो आणि मालिका अर्ध्यावर अडकते, शिवाय लहान मुलाला रात्री उशिरापर्यंत उभं करता येत नाही. त्यामुळे मुलींनी आपला "मुलगा" तयार ठेवावाच.

इंदूरचा रेडिओ

आकाशवाणी इंदूर १९५५ पासून मालवा हाउसमधून बोलते आहे. नवख्याने तिथूनच सुरुवात करावी असं मला वाटतं. पैशासाठी नव्हे, कारण तो थोडाच असतो, पण शिस्तीसाठी. युववाणीसारख्या तरुणांच्या कार्यक्रमासाठी विषय घेऊन भेटा, तिथे नव्या आवाजांना वाव असतो. पुढे आकस्मिक, म्हणजे गरजेपुरता बोलावला जाणारा, उद्घोषक किंवा कंपियर (कार्यक्रम सादर करणारा) म्हणून पॅनेलवर, म्हणजे त्यांच्या यादीत, यायचं असेल तर लेखी परीक्षा, आवाजाची चाचणी आणि मुलाखत होते. जागा निघाल्याची जाहिरात आकाशवाणीच्या संकेतस्थळावर आणि स्थानिक वर्तमानपत्रांत येते. ही नोकरी नव्हे. महिन्यातून मोजक्याच ड्यूट्या मिळतात, आणि कायम होण्याची आशा धरून त्यावर बसून राहू नये. निवड झालेल्यांसाठी आकाशवाणीचा वाणी नावाचा प्रशिक्षण वर्गही असतो. नाटकाची ऑडिशन वेगळी असते. त्यात पास झालात तर ग्रेड मिळते आणि रेडिओ नाटकांत बोलावतात. कार्टूनकडे जायचं असेल तर माझ्या मते ही ऑडिशन उद्घोषकाच्या परीक्षेपेक्षा जास्त कामाची.

आवाजाच्या चाचणीत लोक अडतात ते नावांवर आणि आकड्यांवर. संगीतकारांची, रागांची, परदेशी नेत्यांची नावं, लाखा-कोटींच्या रकमा हे सगळं पहिल्या नजरेत न अडखळता वाचता आलं पाहिजे. रोज वर्तमानपत्राचं एक पान न वाचलेलं उघडा आणि थेट मोठ्याने वाचा.

खासगी एफएमशी इंदूरचं जुनं नातं आहे. रेडिओ मिर्चीचं पहिलं स्टेशन ऑक्टोबर २००१ मध्ये इथेच सुरू झालं, मुंबई-दिल्लीच्या आधी. खासगी स्टेशनला स्वतःच्या बातम्या देता येत नाहीत, म्हणून सगळा भार गाणी आणि आरजेच्या, म्हणजे रेडिओ जॉकीच्या, गप्पांवर असतो. गाणी आरजे निवडतो ही बाहेरच्यांची समजूत आहे. यादी संगीत विभाग ठरवतो, तुमच्या हातात असते ती लिंक, म्हणजे दोन गाण्यांमधलं मिनिट-दीड मिनिटाचं बोलणं. नोकरी मिळते ती त्या लिंकवर.

नवख्याची लिंक अशी असते : "नमस्कार इंदौर, आज मौसम बहुत सुहाना है, तो चलिए सुनते हैं एक प्यारा सा गाना." यात इंदूर कुठेही नाही, हे वाक्य नागपुरात किंवा पाटण्यातही चालेल. आता ही पाहा : "पाटनीपुरा पे पोहे वाले भिया ने आज सुबह-सुबह तिरपाल तान दी. मौसम विभाग जो कहे, अपने यहाँ बारिश की खबर यही है. आपकी गली में सबसे पहले किसने तानी?" एक जागा, एक माणूस, एक प्रश्न. फोन येतात ते अशा लिंकवर. रोज अशा दोन लिंक लिहायच्या, बोलायच्या आणि घड्याळ लावून पुन्हा ऐकायच्या. लिहिलेलं वाक्य जिभेवर अडलं तर ते तोडा, तुमच्या उच्चारात दोष नसतो, वाक्यच लांब असतं.

स्टेशनवर थेट आरजे म्हणून घेतील अशी अपेक्षा धरू नका. इंटर्न, कॉपीरायटर, प्रोमो प्रोड्यूसर यांपैकी कुठलंही दार उघडलं तर आत शिरा. प्रोमो आणि स्पार्कलर, म्हणजे ते छोटे रेकॉर्ड केलेले विनोदी तुकडे, यांत रोज निरनिराळे आवाज लागतात आणि ऐन वेळी हाताशी असणाऱ्यालाच बोलावलं जातं. कार्टूनसाठी याहून चांगली तालीम नाही. देवी अहिल्या विद्यापीठात पत्रकारिता आणि जनसंवादाचा विभाग आहे. पदवी असली तर मुलाखतीपर्यंत पोचणं सोपं जातं, पुढचं काम माइकच ठरवतो.

समालोचन हीसुद्धा या शहराची वाट आहे. सुशील दोशी यांनी इंदुरात राहून हिंदी क्रिकेट समालोचनाला प्रतिष्ठा मिळवून दिली, २०१६ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. बिनचित्राचा खेळ शब्दांत दाखवणं किती अवघड आहे हे पाहायचं असेल तर गल्लीतल्या सामन्याचं पाच षटकं समालोचन करून पाहा.

घरचा कोपरा

महागडा माइक आधी घेऊ नका, आधी खोली गप्प करा. कपड्यांचं कपाट उघडून त्याच्यासमोर उभं राहिलं, मागे दोरीवर रजई टांगली, तर निम्मं काम होतं. पंखा बंद, फ्रिजपासून लांब, आणि रेकॉर्डिंग रात्री उशिरा किंवा पहाटे. एप्रिल-मेमध्ये हे हाल आहेत, पण पर्याय नाही. सुरुवातीला साधा यूएसबी माइक आणि पॉप फिल्टर, म्हणजे माइकसमोरची श्वासाचे फटके अडवणारी जाळी, पुरते. माइक तोंडापासून साधारण १५ सेंटिमीटर, आणि अगदी समोर नको, थोडा तिरका, म्हणजे प आणि फ चे फटके बसत नाहीत. ऑडॅसिटी हे सॉफ्टवेअर फुकट आहे आणि वर्षभर तेवढं भागतं. व्हिडिओच्या कामासाठी फाइल ४८ किलोहर्ट्‌झ, २४ बिटची वेव्ह द्या, एमपी३ मागितली तरच द्या. आणि आवाजावर एको, बास वगैरे काही चढवू नका. समोरच्याला तुमचा कोरा आवाज हवा असतो.

डेमो

डेमो म्हणजे स्टुडिओला पाठवायचा तुमच्या आवाजाचा नमुना. तो दीड मिनिटाच्या वर नको. रेडिओचा वेगळा, पात्रांचा वेगळा, जाहिरातींचा वेगळा. पात्रांच्या डेमोत पहिल्या दहा सेकंदांत तुमचं सगळ्यात भक्कम पात्र यायला हवं, कारण ऐकणारा बहुधा तेवढंच ऐकतो. गाजलेल्या कार्टूनची नक्कल टाकू नका. ते पात्र ज्याचं आहे त्याच्याकडेच राहणार, स्टुडिओला नवं पात्र बोलू शकणारा माणूस हवा असतो. तीन-चार पात्रं पुरे, पण त्यांतली दोन एकमेकांशी भांडताना ऐकवा. एकाच माणसाने केलेल्या भांडणात दोघं वेगळे वाटले की दिग्दर्शकाचे कान टवकारतात.

मुंबईचा बूथ

हिंदी डबिंगचं बरंचसं काम मुंबईत, अंधेरी आणि आसपासच्या उपनगरांत चालतं. अवंतिका एक्सप्रेसने इंदुरातून संध्याकाळी निघालं की सकाळी मुंबई, त्यामुळे सुरुवातीला जाऊन-येऊन राहता येतं. आधी ईमेलने डेमो, मग आवाजाची चाचणी ठरली तरच प्रवास. ऑडिशनसाठी किंवा "रजिस्ट्रेशन"साठी पैसे मागणाऱ्याकडे पाठ फिरवा. खरा स्टुडिओ चाचणीचे पैसे घेत नाही.

बूथच्या, म्हणजे रेकॉर्डिंगच्या बंद खोलीच्या, आत काय होतं ते सांगतो. तुम्ही काचेमागे एकटे उभे असता. पूर्वी सगळे कलाकार एकाच माइकभोवती उभे राहून सीन करत, आता बहुतेक वेळा प्रत्येकाचा आवाज वेगळा घेतात, त्यामुळे ज्याच्याशी भांडताय तो बूथमध्ये नसतोच. समोर पडद्यावर चित्र आणि कोपऱ्यात पळणारा टाइमकोड (चित्राची वेळ दाखवणारे आकडे), कानात मूळ भाषेतला आवाज, स्टँडवर हिंदी संहिता. दिग्दर्शक आणि रेकॉर्डिस्ट पलीकडे.

समजा एक उंदीर फांदीला लटकलेला आहे. संहितेत ओळ आहे, "कोई बचाओ, मैं गिर जाऊँगा!" पण चित्रात उंदराचे ओठ आधी मिटलेले आहेत आणि मग झटक्याने उघडतात. "कोई" तोंड उघडं ठेवूनच सुरू होतं, तिथे ते लागत नाही. शब्द उलटा करा : "बचाओ कोई!" ब ला ओठ मिटतात, चित्र आणि आवाज जुळले. म, प, ब, भ ही ओठ मिटणारी अक्षरं चित्रात कुठे आहेत हे हेरणं हा या धंद्याचा पाया आहे. जपानी कार्टूनमध्ये ओठ नुसते उघड-मिट करतात, तिथे अक्षरांपेक्षा सुरुवात आणि शेवट अचूक पकडला की भागतं. महागड्या थ्रीडी सिनेमात मात्र ओठांचा आकार स्पष्ट दिसतो आणि प्रत्येक अक्षराचा हिशेब द्यावा लागतो.

ओळ झाली तरी उंदीर अजून लटकलेलाच आहे. तो धापा टाकतो, हात निसटला की "अंह्" करतो, पडताना किंचाळतो. हे सगळं पुन्हा तुम्हालाच करायचं, कारण स्टुडिओकडे येणाऱ्या संगीत आणि आवाजांच्या ट्रॅकमधून मूळ कलाकाराचा श्वाससुद्धा काढलेला असतो. नवखे ओळी पाठ करून येतात आणि या श्वासांवर ढेपाळतात. म्हणून घरी आवाज बंद करून कार्टून लावा आणि फक्त श्वास, उसासे, धडपडी भरा. सुरुवातीची कामंही अशीच मिळतात : बाजारातली गर्दी, वर्गातली मुलं, मागचा "अरे, तो बघ!" गर्दीचं काम हलकं समजू नका. ते नीट, वेळेत आणि कुरकुर न करता करणाऱ्याचं नाव दिग्दर्शक लक्षात ठेवतो.

किंचाळण्याची सगळी दृश्यं शेवटी घेण्याची विनंती करा, चांगले दिग्दर्शक ऐकतात. कोमट पाणी जवळ ठेवा. घसा बसल्यावर कुजबुजून बोलू नका, त्याने स्वरतंतूंवर ताण वाढतो. सरळ गप्प राहा. दोन-तीन आठवडे घोगरेपणा राहिला तर काढे थांबवून कान-नाक-घसा तज्ज्ञाकडे जायचंच.

पैसे आणि कागद

कुठे एपिसोडमागे, कुठे तासामागे, कुठे पात्रामागे पैसे मिळतात. बोलणी बूथमध्ये शिरण्याआधी करा आणि ती ईमेलवर घ्या. पैसे हातात यायला दोन-तीन महिने लागणं नेहमीचं आहे, तेव्हा मुंबईत राहायला जाताना तेवढ्या दिवसांची सोय गाठीशी हवी. इंदुरात जाहिरातींचे, दुकानांच्या घोषणांचे, कंपन्यांच्या प्रशिक्षण व्हिडिओंचे आवाज देऊन ही सोय करता येते. लहान म्हणून ती कामं सोडू नका. बिलातून सहसा १० टक्के टीडीएस, म्हणजे पैसे देतानाच कापला जाणारा आयकर, कापला जातो. उत्पन्न करपात्र नसलं तरी विवरणपत्र भरा, कापलेले पैसे परत मिळतात.

प्रदर्शनाआधी कुठल्या पात्राला आवाज दिला हे कुणालाही सांगायचं नाही, बूथमधला फोटोही टाकायचा नाही. गोपनीयतेचा करार मोडलेल्याला पुन्हा बोलावत नाहीत.

आणि करारातलं एक कलम आता दोनदा वाचायला हवं. तुमचं रेकॉर्डिंग वापरून कृत्रिम आवाज तयार करण्याचा किंवा यंत्राला शिकवण्याचा हक्क त्यात लिहून घेतला आहे का? "सर्व माध्यमांत, सर्व काळासाठी, ज्ञात आणि भविष्यातील तंत्रज्ञानाने" अशा शब्दांत तो दडलेला असतो. २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने गायक अरिजित सिंग यांच्या आवाजाची परवानगीवाचून यंत्राने नक्कल करण्याला मनाई केली, म्हणजे आवाजावर माणसाचा हक्क आहे हे न्यायालय मानतं. पण सही करून तो हक्क तुम्हीच देऊन टाकला असेल तर भांडायला जागा उरत नाही. सरळ लिहून मागा : रेकॉर्डिंग फक्त याच मालिकेसाठी वापरलं जाईल, कृत्रिम आवाजासाठी वेगळी परवानगी आणि वेगळा मोबदला. नवखा म्हणून हे मागायला संकोच वाटतो, तरी मागा. काही स्टुडिओ लगेच दुरुस्ती करून देतात. जो देत नाही त्याचं काम घ्यायचं की नाही हे ठरवण्याआधी कराराची प्रत घरी आणा आणि एखाद्या वकिलाला दाखवा.